मदत हवी आहे: चौथीची अंदाजे वजाबाकी
मुलीला जवळच्या हजारात राउंड करून वजाबाकी शिकवतेय. एव्हरेस्ट ८८४९ मीटर, कळसूबाई १६४६, म्हणजे ९००० वजा २०००, अंदाजे ७०००, खरा फरक ७२०३, इथपर्यंत तिला छान समजलं. पण काल ५४९९ वजा ४५०१ घेतलं तर दोन्हीचे ५००० झाले आणि उत्तर चक्क शून्य, खरा फरक तर ९९८ आहे, ती रडवेली होऊन म्हणाली आई ही पद्धतच चुकीचीय आणि मलाही पटलं गं तिचं. शेकड्यात केलं की ५५०० वजा ४५०० बरोबर १००० येतात. मग हजार कधी घ्यायचे नि शंभर कधी, हे एवढ्या लहान मुलांना कसं सांगता? आणि ती आधी खरी वजाबाकी करून मग उत्तर राउंड करते, ती सवय कशी मोडू? प्रायमरीच्या टीचर कुणी असतील तर प्लीज सांगा.