घर सोडून गेलेले आई-वडील परत आले आणि तुमचं जमलेलं नातं... अनुभव सांगा

एका मैत्रिणीचं ठरलेलं लग्न पत्रिकेवर अडलंय. वडिलांच्या नावाआधी 'कै.' लावायचं की नाही? ते हयात आहेत हे मुलाकडच्यांना साखरपुड्यापर्यंत माहीतच नव्हतं. आणि आता तेच फोन करताहेत, कन्यादानाला येतो म्हणून. होणारा नवरा धड बोलत नाहीये. असं कुणाच्या बाबतीत झालंय? ओळख पटेल असं काही लिहू नका. 'शेवटी वडीलच ते' छापाचे सल्ले मात्र नकोत.

डोंबिवलीकरीण
आमच्याकडे 'बाबा दुबईला असतात' हेच चालायचं. शाळेत, सोसायटीत, मावशीच्या सासरीसुद्धा. प्रत्यक्षात ते ठाण्यात दुसरा संसार थाटून होते. आईने मंगळसूत्र काढलं नाही, वटपौर्णिमा चुकवली नाही, त्यामुळे कुणाला शंका आली नाही. माझ्या नावात मधे त्यांचं नाव, दहावीच्या सर्टिफिकेटपासून पॅनकार्डापर्यंत. होणाऱ्या नवऱ्यालाही मी दुबईच सांगितलं. खोटं बोलतेय असं वाटायचंसुद्धा नाही, इतकं ते अंगवळणी पडलेलं.

मग एका रविवारी बाबा दारात. बायपास झालेली, तिकडच्यांनी हात वर केलेले. तो आमच्याकडेच चहा घेत बसला होता. बाबा सोफ्यावर टेकले, घाम पुसला आणि म्हणाले, "ठाण्याला चढलो, पण दिव्यापर्यंत उभंच राहावं लागलं." आई आत निघून गेली. त्याने कप खाली ठेवला.

त्याला सोडायला खाली गेले तर रिक्षात बसताना एवढंच म्हणाला, "अजून काय काय दुबईला आहे?"

लग्न झालं आमचं. पण पुढे कितीतरी दिवस मी 'ऑफिसात उशीर होईल' म्हटलं की तो गप्प व्हायचा. ते गप्प होणं बाबांच्या येण्यापेक्षा जड गेलं.

नगरी
'कै.' अजिबात लावू नका. आमच्या नात्यात एकांनी लावलं होतं. माणूस मांडवात आला आणि पंगतीला बसून जिलबी मागून घेतली. पत्रिकेत फक्त आईचं नाव घाला, हल्ली बरेच जण घालतात. 1 मे 2024 पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर तर स्वतःच्या नावानंतर आधी आईचं नाव, मग वडिलांचं.

जुना लालबागकर
1982 च्या संपानंतर वडील 'काम बघून येतो' म्हणून गेले ते गेलेच. आईने खानावळीचे डबे करून आम्हाला वाढवलं. गिरणीचा पास आणि पगाराच्या पावत्या मात्र पत्र्याच्या ट्रंकेत जपून ठेवलेल्या. पुढे गिरणी कामगारांना घरं मिळणार अशी बोलणी सुरू झाली आणि वडील हजर. कागद कुठे आहेत, हा पहिला प्रश्न. आई कशी आहेस, हे नंतर. माझं तेव्हा ठरलेलं होतं. ती म्हणाली, "यांना घरात घेतलंस तर मी येणार नाही." आईने घेतलं, मी आड आलो नाही. ती आली नाही. तिचं चुकलं असं आजही म्हणवत नाही.

कोर्टात खेटे घालणारी
माझे वडील थेट पोटगीचा अर्ज करूनच परतले. 2007 चा ज्येष्ठ नागरिकांचा कायदा, प्रांताधिकाऱ्यांपुढे सुनावणी, कमाल रक्कम महिना 10,000. होणाऱ्या सासूबाईंनी विचारलं, "म्हणजे आमच्या मुलाच्या पगारातून?" नाही. त्या कायद्यात मुलगा, मुलगी, नातवंडं येतात, जावई नाही. पण लग्न झालेली मुलगी सुटते हा समजही चुकीचा, तीही जबाबदार असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने 1987 मध्येच, तेव्हाच्या कायद्याखाली, दिलाय. हे सगळं त्यांना कळलं ते नोटीस आल्यावर. आधी मी सांगितलं असतं तर बोलणी मोडली नसती असं मला वाटत नाही. फक्त लवकर मोडली असती.

दुसऱ्या बाजूचा
मी जोडीदार. तिची आई ती तिसरीत असताना निघून गेलेली, गेल्या वर्षी परतली. ही दर गुरुवारी तिला भेटायची आणि मला 'झुंबाचा क्लास' सांगायची. क्लास बंद पडल्याचं तिथल्याच मुलीकडून कळलं. मला वाटलं, दुसरा कुणीतरी आहे. भांडण त्यावरूनच झालं, आणि रडत तिने आईचं सांगितलं. मला हायसं वाटलं, हे तिला अजून खटकतं. तिच्या आईला मी भेटलेलो नाही. दिवाळीनंतर बघू म्हणालीय.