अर्धंच पटलं
भारतात टिकटॉकवर बंदी आली म्हणून मोबाइलवरच्या छोट्या हिंदी व्हिडिओंचं पेव फुटलं, असं म्हणतात. ते मला अर्धंच पटतं. बंदी २९ जून २०२० ची. मोज, जोश, इन्स्टाग्रामचे रील्स असे तसलेच छोटे व्हिडिओ दाखवणारे पर्याय पाठोपाठ हजर झाले, हे खरं. पण फोनवर व्हिडिओ बघायची चटक त्याआधीचीच, सप्टेंबर २०१६ मध्ये जिओने फुकट डेटा वाटला तेव्हापासूनची. आता तर मिनिट-दीड मिनिटाच्या भागांच्या, फोन उभा धरून बघायच्या मालिका आल्यात. परवा लोकलमध्ये शेजारच्या मावशी बघत होत्या. सासूने सुनेच्या कानाखाली वाजवली, सून गर्रकन वळली आणि नेमकं तिथेच कुलूप! पुढचा भाग पैसे भरून. "मेल्यांनो" म्हणत मावशींनी दुसरं ॲप उघडलं. (इअरफोन नव्हता, त्यामुळे मालिका अख्ख्या डब्याने ऐकली.)