'उसकी रोटी'चं छायाचित्रण: के. के. महाजनांनी हे कसं साधलं?

रानवाट:
परवा रात्री मणि कौल यांचा 'उसकी रोटी' पाहिला. बालो नवऱ्यासाठी रोटी घेऊन त्याच्या बसची वाट बघत थांबते, एवढंच घडतं. पण कधी मागचं शेत, झाडं सगळं लख्ख, तर कधी फक्त तिचा चेहरा आणि बाकी पुसून टाकल्यासारखं. मी गावी आईवर पंधरा मिनिटांची फिल्म करतोय, लाइट भाड्याने आणायची ऐपत नाही. हे कसं केलं असेल? महाजनांचं आणखी काय पाहू?

फोकसकाका:
बावीस वर्षं फोकस पुलर होतो, म्हणजे शॉट चालू असताना लेन्सचा फोकस सांभाळणारा, म्हणून जरा सविस्तर. सिनेमा २८ मिमी (वाइड) आणि १३५ मिमी (लांबचं जवळ आणणारी) अशा दोन लेन्सवर बेतलाय. २८ मधून जवळच्या माठापासून लांबच्या झाडापर्यंत सगळं शार्प. १३५ वर डोळ्यावर फोकस धरला की कान धूसर होतो. एकदा एका म्हाताऱ्या बाईंचा क्लोजअप होता, टेपने साडेपाच फूट मोजले. त्यांनी सुस्कारा टाकला, मान बोटभर मागे गेली आणि शॉट सॉफ्ट, म्हणजे धूसर! चार टेक गेले. बालोचे चेहरे बघताना माझी बोटं अजून आखडतात.

मणि कौल यांनी आधी एक लेन्स बालोच्या प्रत्यक्ष जगण्याला आणि दुसरी तिच्या मनाला दिली, मग हळूहळू त्यांची अदलाबदल केली. म्हणून पुढे पुढे ती खरंच तिथे आहे की हे तिच्या मनात चाललंय, कळेनासं होतं.

महाजन १९६६ साली पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडले. पुढच्या तीन-चार वर्षांत 'सारा आकाश', 'भुवन शोम' आणि हा. 'भुवन शोम'च्या सुरुवातीला रूळ कसे सरसर पळतात बघ, आणि इथली शांतता बघ. माणूस तोच! दिग्दर्शक बदलला की त्यांची नजर बदलायची, मला त्यांचं हेच फार मोठं वाटतं.

मेघना_नाशिक:
काका, 'रजनीगंधा' आणि 'छोटी सी बात'सुद्धा त्यांचेच. चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेला माणूस, तरी विद्या सिन्हाच्या साडीवरचा उजेड किती घरगुती ठेवलाय! रानवाट, रंगीत करणार असशील तर 'मायादर्पण' बघच.

फोकसकाका:
लाइट नाहीत म्हणून अडू नकोस. आईला दाराशी बसव, अंधाऱ्या बाजूला धुतलेली पांढरी चादर ताण. चेहरा उजळेल.

रानवाट:
काका, चादर लावली. माझ्याकडे ८५ची लेन्स आहे. आई ओसरीवर तांदूळ पाखडत होती, सूप वर गेलं की ती मागे रेलते आणि फोकस जातो. शेवटी तिला खांबाला पाठ टेकून निवडायला बसवलं, तेव्हा डोळे मिळाले. पाखडणं उद्या वाइड लेन्सवर घेतो.