लिब्रेकॅड फुकट आहे, पण नकाशातली मराठी अक्षरं तपासा

संगणकावर नकाशे काढायच्या (कॅड) सॉफ्टवेअरची 'पायरेटेड प्रत काढून टाका आणि सरळ लिब्रेकॅड हे मोफत सॉफ्टवेअर घ्या' असा सल्ला दिला जातो, तो टूडी म्हणजे सपाट नकाशांच्या कामापुरता पटतो. पण आपल्याकडच्या नकाशांत एक अडचण हमखास येते, ती सहसा कुणी मांडत नाही. लिब्रेकॅड स्वतःचेच रेषांचे फॉन्ट वापरतं, संगणकातले नेहमीचे (ट्रूटाइप) फॉन्ट घेत नाही. जमिनीच्या एका जुन्या नकाशात मी हे अनुभवलं. रेषा, मापं सगळं जागच्या जागी, पण 'पूर्वेस रस्ता', 'विहीर', 'गट नं.' यांच्या जागी निरर्थक खुणा. दोन दिवस गेले.

क्यूकॅड या तशाच दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये ट्रूटाइप फॉन्ट चालतात, म्हणून आता तेच वापरतो. डाउनलोड केल्यावर प्रो या विकतच्या आवृत्तीची चाचणी सुरू होते आणि पंधरा मिनिटांनी बंद पडते, तेव्हा घाबरू नका. प्रो अ‍ॅड-ऑन (वरून जोडलेला प्रो भाग) काढला की उरते ती कम्युनिटी आवृत्ती, कायमची मोफत आणि पूर्ण कायदेशीर. तिला डीडब्ल्यूजी (ऑटोकॅडच्या मूळ प्रकारातल्या फाइली) उघडता येत नाही. त्यासाठी ओडीए (ओपन डिझाइन अलायन्स) या संस्थेचं मोफत फाइल कन्व्हर्टर आहे, अख्खा फोल्डर एकदम डीएक्सएफ या क्यूकॅडला उघडता येणाऱ्या प्रकारात बदलून देतं. मूळ फाइली मात्र आधी वेगळ्या ठेवा.