'चरित्र अभिनेता'ला मराठीत काय म्हणायचं?

अर्धाचहा:
आमच्या सोसायटीत महिन्याला एक जुना पिक्चर लावतो, त्याची पानभर ओळख लिहायचं काम माझ्या गळ्यात. या वेळी 'द गुड, द बॅड अँड द अग्ली' (१९६६), आणि मला लिहायचंय मारिओ ब्रेगावर. कैद्यांच्या छावणीत टुको नावाच्या डाकूला बदडून काढणारा तो धिप्पाड कॉर्पोरल, तोच. रोमचा माणूस, आधी खाटकाचा धंदा, मग दिग्दर्शक लिओनेच्या तिन्ही डॉलरपटांत (हा त्यातलाच एक) गुंड, आणि साठीकडे झुकल्यावर नट-दिग्दर्शक कार्लो वेर्दोनेच्या कॉमेड्यांमध्ये एकदम सगळ्यांचा लाडका. १९९४ ला गेला. इटालियनमध्ये अशा नटाला 'कारात्तेरिस्ता' म्हणतात. मी लिहिलं 'चरित्र अभिनेता'. आई वाचून म्हणाली, "कुणाचं चरित्र? गुरुचरित्र?" आता मलाही खटकायला लागलंय. रविवारच्या आत शब्द हवाय.

पेठेतला_पाहुणा:
आईंचं बरोबर आहे. हे हिंदीतून जसंच्या तसं उचललेलं. मराठीत चरित्र म्हणजे जीवनकथा, वागणुकीचं ते चारित्र्य. 'सहायक अभिनेता' लिहा आणि मोकळे व्हा.

अर्धाचहा:
सहायक तर नायकाचा गुळगुळीत चेहऱ्याचा मित्रपण असतो हो. ब्रेगा दारात आला की कळतं, आता कुणाचं तरी हाड मोडणार.

नदीकाठ:
उचललेलं म्हणजे काय? लहानपणापासून पेपरात चरित्र अभिनेताच वाचतोय, निळू फुले गेले तेव्हापण कुणाला ते बायोपिक करायचे असं वाटलं नाही. 'पिक्चर' चालतो, 'सोसायटी' चालते, हिंदीचंच तेवढं वावडं.

चकवा:
मुळात कॅरेक्टर हा शब्दच आपल्या 'चरित्र'वरून तिकडे गेलाय. मोठ्याने म्हणून बघा.

पेठेतला_पाहुणा:
अहो नाही! चरित्र 'चर्' धातूवरून, चालणं-वागणं. कॅरेक्टर ग्रीक, त्याचा मूळ अर्थ कोरून उमटवलेली खूण. थोडक्यात ठसा.

चकवा:
मग 'ठसेबाज नट'. ठसका पण तिथूनच आला असणार 😀

मावळतीकर:
आमचे आजोबा जत्रेतल्या नाटकांत कामं करायचे. तेव्हा स्त्रीपार्टी, राजापार्टी असे नट ठरलेले असायचे, आणि आजोबांना विचारलं तुम्ही कोण तर म्हणायचे, "आम्ही साइडचे". इटलीतल्या जुन्या नाटक कंपन्यांतही हेच होतं. कारात्तेरिस्ता ही कंपनीतली जागा होती, शेजारी ब्रिल्लांते म्हणजे विनोदी, आणि जेनेरिको म्हणजे पडेल ते काम करणारा. म्हणजे हे हुद्द्याचं नाव आहे, गुणाचं नाही, तेव्हा शोधायचं तर 'पार्टी'वालं काहीतरी शोधा. वल्लीपार्टी?

नदीकाठ:
वल्लीपार्टी म्हटलं की लोक ताटं घेऊन येतील.

मिलानची_काकू:
इथे सात वर्षं झाली म्हणून सांगते, हुद्दा वगैरे ठीक पण ही माणसं एका साच्यात कशी अडकायची बघा. तिबेरिओ मुर्जा, रोममध्ये हॉटेलात भांडी घासायचा, सार्डिनियाचा. दिग्दर्शक मोनिचेल्लीने १९५८ च्या पिक्चरमध्ये त्याला संशयी सिसिलियन भाऊ केलं, आवाज दुसऱ्याचा भरला, आणि तो जन्मभर सिसिलियनच राहिला. पात्राचं नाव फेर्रिबोत्ते, म्हणजे चक्क आपली फेरीबोट! त्याच पिक्चरमधला म्हातारा कार्लो पिसाकाने नेपल्सचा, त्याला बोलोन्याची बोली चिकटवली. म्हणून 'साचेबंद नट' का नको?

अर्धाचहा:
साचेबंद म्हटलं की शिवी वाटते. आणि ब्रेगा अडकला कुठे, तोच दांडगेपणा त्याने हसवायला वापरला. १९८१ च्या वेर्दोनेच्या पिक्चरमध्ये तो ट्रक ड्रायव्हर असतो, एका आजीबाईंना इंजेक्शन देतो आणि वर ऐटीत सांगतो की हा हात लोखंड होऊ शकतो आणि पीसही, आज पीस होता. हे पण लेखात घेतलंय.

चकवा:
खाटीक ना तो? मग पीसच 😂 लेग पीस का ब्रेस्ट पीस?

अर्धाचहा:
अरे देवा. आता हे पण बदलायचं का?

पेठेतला_पाहुणा:
'पिसासारखा' लिहा, घोळच नको.

नदीकाठ:
लोखंड होतो तर पीसही होऊ दे की, 'सारखा' घातलं की सगळी ऐट गेली. मोरपीस म्हणा.

मिलानची_काकू:
मोरपीस कृष्णाचं. या माणसाच्या हातात कोंबडीचंच शोभेल.

मावळतीकर:
आमच्याकडे पीस कुणी म्हणतच नाही, पर म्हणतात. "आज पर होता."

पेठेतला_पाहुणा:
आणि वाचणारा विचारेल, पर क्या?

अर्धाचहा:
झेरॉक्स मारून आलो. कारात्तेरिस्ताच्या जागी नुसतं 'नट' लिहिलंय, आई म्हणाली बरं झालं. पीस तसंच ठेवलंय.

मावळतीकर:
पर बरा होता.