चवळीचं सदर्न सूप: धुरकट चव आणि दाटपणा कसा आणायचा? सल्ला हवा

रानजाई

नमस्कार मंडळी. आम्ही चार वर्षांपासून अलाबामात, हंट्सव्हिलला राहतो. शेजारी एक कृष्णवर्णीय आजी आहेत, वय ऐंशीच्या पुढे. मागच्या १ जानेवारीला मी तापाने पडून होते आणि नवरा भारतात होता. आजी जड पातेलं दोन्ही हातांनी धरून दारात उभ्या. आत चवळीचं सूप: दाट, तपकिरी, त्यात कोलार्डचा (कोबीच्या कुळातली पालेभाजी) शिजून मऊ झालेला पाला, मांसाचे बारीक धागे आणि धुराचा वास. त्यांनी वाटीत वाढलं, वर तिखट व्हिनेगरचे चार थेंब टाकले आणि मी संपवेपर्यंत समोर बसून राहिल्या.

यंदा ऑक्टोबरमध्ये त्यांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालंय. ओट्याशी उभं राहणं जमत नाही. या वर्षी पातेलं माझ्या घरून त्यांच्याकडे जावं, एवढीच इच्छा आहे. कृती विचारली तर त्या हाताने दाखवतात, "एवढं पाणी, एवढा पाला, आणि घाई करू नको."

तीनदा करून पाहिलं. पहिल्यांदा कुकरला तीन शिट्ट्या काढल्या. सालं सुटून वर तरंगली आणि दाण्यांचं पिठलं झालं. दुसऱ्यांदा पातेल्यात केलं, पण सवयीने तेलात हिंग-हळद पडली आणि घरभर उसळीचा वास सुटला. तिसऱ्यांदा टोमॅटो सुरुवातीलाच घातला. दोन तासांनीही चवळी कचकचीत.

तर प्रश्न असे: धुराची चव नेमकी कशातून येते? पीठ न लावता दाटपणा कसा येतो? आणि डिसेंबरात सासूबाई येताहेत, त्या शाकाहारी आहेत. त्यांच्यासाठी वेगळं पातेलं लावीन, पण ते बेचव नको.

तिखटमीठ

रानजाई, मी सतरा वर्षं जॉर्जियात आहे, आणि हे सूप आमच्याकडे थंडीत दर पंधरा दिवसांनी होतं. तुमचं नेमकं कुठे अडतंय ते कळलं. आपण चवळी शिजवतो आणि मग तिला चव लावतो. इथे उलट आहे. आधी चवीचं पाणी तयार होतं, चवळी नंतर त्यात शिजते. फोडणी नाहीच.

धूर येतो तो स्मोक्ड हॅम हॉकमधून. हॉक म्हणजे डुकराच्या पायाचा घोट्याजवळचा तुकडा, खारवून धुरावलेला. तिथे मांस कमी. हाड, कातडी आणि स्नायूंच्या शिराच जास्त. त्या शिरा सावकाश विरघळतात, आणि सूप ओठांना किंचित चिकटतं ते त्यामुळे. डुक्कर खात नसाल तर स्मोक्ड टर्कीचे पंख किंवा मान घ्या. हल्ली इथली बरीच घरं तेच वापरतात, आणि चवीत उणं काही येत नाही. आजी काय वापरतात ते मात्र आधी विचारून घ्या.

सहा जणांसाठी माझं प्रमाण:

सुकी चवळी ४५० ग्रॅम. रात्री मिठाच्या पाण्यात भिजवा, साधारण दोन लिटर पाण्याला दीड मोठा चमचा मीठ. मिठाने कडधान्य कडक होतं हा समज खरा नाही. उलट मिठाच्या पाण्यात भिजलेल्या दाण्याचं साल मऊ पडतं आणि सुटत नाही. सकाळी ते पाणी फेकून द्या.

जाड बुडाच्या पातेल्यात एक मोठा हॉक आणि पावणेतीन लिटर पाणी. उकळी आली की आच इतकी कमी करा की एखाददुसरा बुडबुडा वर यावा. असं दीड ते दोन तास. या वेळात दुसरं काही घालायचं नाही. हाडाला सुरी लावली की मांस सुटायला हवं.

तोवर बाजूला थोड्या तेलात एक मोठा कांदा, सेलरीच्या तीन काड्या आणि एक हिरवी ढोबळी मिरची बारीक चिरून परता. लुइझियानात या तिघांना होली ट्रिनिटी म्हणतात. कांदा कडांना बदामी झाला की पाच लसूण पाकळ्या ठेचून, अर्धा चमचा थाइम, चिमूटभर केयेन (तिखट लाल मिरचीची पूड) आणि दोन तमालपत्रं. ही तमालपत्रं इथली, बे लीफ. आपलं तमालपत्र वेगळ्या झाडाचं असतं आणि त्याला दालचिनीचा वास येतो, ते इथे नको.

हे सगळं आणि निथळलेली चवळी हॉकच्या पाण्यात घाला. पाऊण तास ते तास. कोलार्डचा मधला जाड देठ काढून पानं बोटभर रुंदीची चिरा आणि चवळीबरोबरच टाका, कारण त्यालाही तेवढाच वेळ लागतो. हॉक बाहेर काढून मांस सोडवा आणि परत घाला. मीठ अगदी शेवटी चाखून, कारण हॉक स्वतःच खारट असतो.

आता दाटपणा. पळीभर दाणे पातेल्याच्या कडेला घ्या, पळीच्या पाठीने चेपा आणि ढवळा. असं तीन-चारदा. बाकीचे दाणे अख्खे राहतात आणि रस्सा दाटतो. मग आच बंद करून वीस मिनिटं झाकून ठेवा. निवताना ते आणखी दाटतं.

तिसऱ्या वेळची तुमची चवळी टोमॅटोमुळेच अडली. आंबटामुळे दाण्याच्या पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन लवकर सुटत नाही. टोमॅटो असो की व्हिनेगर, दाणा दोन बोटांत सहज चेपला जाऊ लागल्यावरच घालायचं. मी टोमॅटो घालतच नाही.

सोलकढी

वाचतेय. आमच्या गोव्याकडे अळसांदे म्हणजे हीच चवळी, फक्त दाणा मोठा आणि चव जास्त मातकट. त्याचं तोणाक, म्हणजे रस्सा, वाटलेल्या खोबऱ्यावर उभं असतं. रानजाई, दाटपणासाठी थोडं भाजलेलं खोबरं वाटून लावलं तर?

तिखटमीठ

सोलकढीताई, तोणाक मला जीव की प्राण आहे, पण इथे खोबरं नको. खोबरं आलं की धूर मागे पडतो. आणि आजींना त्यांच्या घरची चव ओळखू यायला हवी ना? त्याच कारणाने हळद, हिंग, गोडा मसाला, काही नको.

सोलकढी

पटलं. आजींसाठी करायचंय हे माझ्या ध्यानातून गेलं होतं.

बखरवाचक

पाकृत मला गती नाही, पण या चवळीच्या प्रवासाबद्दल लिहावंसं वाटतं. चवळी मूळची आफ्रिकेची. तिथून ती फार प्राचीन काळी आपल्याकडे आली, आणि पुढे गुलामांच्या जहाजांबरोबर अमेरिकेत गेली. कॅरोलायनाच्या किनारपट्टीवर भातखाचरं उभी राहिली ती पश्चिम आफ्रिकेतून पकडून आणलेल्या माणसांच्या कष्टावर आणि त्यांच्या भातशेतीच्या ज्ञानावर. त्यांच्याच चुलीवर चवळी आणि भात एकत्र शिजले. त्याला हॉपिन जॉन म्हणतात. चार्ल्स्टनच्या सारा रटलेज यांच्या १८४७ च्या पाककृतींच्या पुस्तकात तो छापलेला सापडतो, पण रांधणारे हात त्याच्या कितीतरी आधीचे.

हॉक का, याचं उत्तरही त्यातच आहे. चांगलं मांस मालकाच्या ताटात जायचं. घोटा, मान, शेपूट हे उरायचं. एवढ्याशा धुरावलेल्या तुकड्यावर सगळ्या घराचं पातेलं चवदार करायचं, ही त्या बायकांची विद्या. म्हणून या सुपात मांसाचे धागे दिसतात, मोठे तुकडे दिसत नाहीत.

१ जानेवारीला तर कृष्णवर्णीय समाजात आणखी अर्थ आहे. ३१ डिसेंबर १८६२ च्या रात्री लोक चर्चमध्ये जागत बसले होते, कारण दुसऱ्या दिवशी, १ जानेवारी १८६३ ला, लिंकन यांचा गुलाममुक्तीचा जाहीरनामा अमलात येणार होता. ती जागरणाची प्रार्थना आजही अनेक चर्चमध्ये होते. नववर्षाच्या ताटात चवळी म्हणजे नाणी, पाला म्हणजे नोटा आणि कॉर्नब्रेड (मक्याचा पाव) म्हणजे सोनं, असं मानतात.

आणि तुम्ही अलाबामात आहात म्हणून एक सांगतो. कृषिशास्त्रज्ञ जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर आपल्याला भुईमुगामुळे ठाऊक. पण टस्कीगीत, तुमच्याच राज्यात, कापसाने निकस झालेल्या जमिनीत चवळी पेरा असंही ते शेतकऱ्यांना सांगत होते, कारण तिच्या मुळांवरच्या गाठी हवेतला नायट्रोजन जमिनीत आणतात. १९०३ साली त्यांनी चवळीवर स्वतंत्र पत्रक काढलं. पुढे ती रांधायची कशी, यावरही.

रानजाई

बखरवाचक, हे वाचून मी थोडा वेळ तशीच बसून राहिले. आजी ३१ च्या रात्री चर्चला जातात हे मला माहीत होतं, फक्त ते नववर्षाचं वाटत होतं. धन्यवाद.

आजींना विचारलं. टर्कीची मान वापरतात. आधी हॉक असायचा, पण डॉक्टरांनी मीठ कमी करायला सांगितल्यापासून बदललं. म्हणजे मान चालेल, पण खारटपणा सांभाळायला हवा.

तिखटमीठ

मग मान आधी दहा मिनिटं साध्या पाण्यात उकळा आणि ते पाणी टाकून द्या. बराचसा खारटपणा निघतो, धूर राहतो. चवळीही बिनमिठाच्या पाण्यात भिजवा, आणि सुपात वरून मीठ घालूच नका. व्हिनेगरमुळे उणीव जाणवत नाही.

चुलीपाशी

शाकाहारी पातेल्याबद्दल मी लिहिते. मी नागपूरला असते, मुलगी टेक्सासला. तिच्याकडे सहा महिने होते तेव्हा हे सूप बिनमांसाचं करायला शिकले आणि आता इथेही करते.

मांस काढलं की दोन गोष्टी जातात, धूर आणि अंग, म्हणजे चवीतला भरीवपणा. दोन्ही वेगवेगळं भरून काढायचं. अंगासाठी कांदा उभा चिरून मंद आचेवर अर्धा तास, गडद तपकिरी होईपर्यंत. सोबत मूठभर सुके मशरूम गरम पाण्यात भिजवून, पाण्यासकट. सासूबाई मशरूम खात नसतील तर एक मोठा चमचा टोमॅटो पेस्ट तेलात विटकरी रंगावर परता, पण तो चवळी शिजल्यावरच घाला.

धुरासाठी स्मोक्ड पॅप्रिका (धुरावलेल्या लाल मिरचीची पूड), सपाट दीड चमचा, कांदा परतून झाल्यावर आच बंद करून. ती करपली की कडू होते. इथे ती न मिळाल्यास मी कोळशाची धुरी देते. पण सगळ्या सुपाला नाही. परतलेला कांदा त्याच्या तेलासकट पातेल्यात ठेवायचा, मधोमध छोटी वाटी, तिच्यात लाल झालेला कोळसा, त्यावर चमचाभर तेल, आणि लगेच झाकण. सात-आठ मिनिटं. धुराचा वास तेल धरून ठेवतं, पाणी तेवढा धरत नाही. मग तो कांदा सुपात जातो आणि दुसऱ्या दिवशीही वास टिकतो. कोळशावर तूप नको, तुपाने दाल तडक्याची आठवण येते.

कोलार्ड इथे नसतो, म्हणून मी नवलकोलाचा पाला घेते. एकाच कुळातला आहे, तसाच जाड आणि किंचित कडवट. पालक मुळीच नको, तो विरघळून जातो.

आमच्या बोअरच्या पाण्यात चवळी लवकर शिजत नाही, जड पाण्यातल्या कॅल्शियममुळे. त्यासाठी भिजवताना चिमूटभर खायचा सोडा. तुमच्या नळाचं पाणी बरं असेल तर सोडा नको, सालं निघतात.

सह्याद्री

कुकरच नको का? नोकरीवरून आल्यावर अडीच तास कोण उभं राहणार?

तिखटमीठ

कुकर चालतो, पण फक्त हॉक किंवा मान शिजवायला. दीड-दोन तासांचं काम निम्म्याहून कमी वेळात होतं. चवळी मात्र उघड्या पातेल्यात. भिजलेल्या चवळीला तासापेक्षा जास्त लागतच नाही.

आणि रानजाई, कॉर्नब्रेड राहिला. आपण ज्याला कॉर्नफ्लोअर म्हणतो ते स्टार्च, ते घेऊ नका. जाडसर कॉर्नमील हवं, शक्यतो पांढरं. बीडाचा तवा ओव्हनमध्येच तेलासकट कडक तापवायचा आणि ताकातलं पीठ त्यात ओतायचं. चर्र आवाज आलाच पाहिजे, बुडाची कुरकुरीत कड त्यानेच येते. साखरेवरून इथे घराघरांत मतभेद आहेत. मी घालत नाही, पण आजींना विचारा.

रानजाई

आज २ जानेवारी. सांगायला आलेय.

दोन पातेली केली. टर्कीची मान सकाळी सातला लावली आणि चवळी नऊला टाकली. या वेळी हळदीचा डबा आदल्या रात्रीच वरच्या फडताळात ठेवला होता. दाणे चेपताना रस्सा पळीला धरू लागला तेव्हाच जाणवलं की हे वेगळं आहे. सासूबाईंच्या पातेल्यात मशरूम नव्हते, तपकिरी कांदा आणि धुरी. त्यांनी दोनदा घेतलं आणि विचारलं, "यात तूप नाही? मग एवढं भरल्यासारखं कसं लागतं?"

आजींकडे आम्ही दोघी गेलो. आजी खुर्चीत होत्या, पाय स्टुलावर. त्यांनी पहिला चमचा तोंडात घेतला आणि बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग विचारलं, "मान किती वेळ ठेवलीस?" मी म्हटलं, दोन तास. त्यांनी मान हलवली आणि वाटी पुढे केली. सासूबाईंना इंग्रजी फारसं येत नाही, पण त्यांनी आजींच्या वाटीत कॉर्नब्रेड कुस्करून दिला, दूधभाकरी कुस्करतात तसा, आणि आजी हसून म्हणाल्या की त्यांची आईही असाच खायची. कॉर्नब्रेडमध्ये साखर नव्हती. ते बरोबर निघालं.

आज उरलेल्या सुपात भात घालून खाल्लं. आजी सांगतात की हॉपिन जॉन दुसऱ्या दिवशी उरला की त्याला स्किपिन जेनी म्हणतात.

आता शेवटचा प्रश्न. आजींच्या व्हिनेगरची बाटली संपत आलीय आणि मला ती भरून द्यायची आहे. मिरच्या कुठल्या, आणि किती दिवस मुरवायच्या?

तिखटमीठ

वाचून फार बरं वाटलं. लहान, तिखट, ताज्या मिरच्या घ्या, हिरव्या-लाल मिसळून. देशी दुकानातल्या लवंगी मिरच्याही चालतील. धुऊन पूर्ण कोरड्या करा, सुईने एकेक टोचा, उकळत्या पाण्याने धुऊन वाळवलेल्या काचेच्या बाटलीत भरा. वरून पांढरं व्हिनेगर गरम करून, मिरच्या पूर्ण बुडेपर्यंत. फ्रिजमध्ये दोन आठवडे ठेवा. आजींना कमी मीठ सांगितलंय, म्हणून बाटलीत मीठ घालू नका.

रानजाई

आज संध्याकाळीच भरते.