पोराच्या जन्माला हजर नसलेला कॅमेरामन: हे करिअर की वेड?

लेन्सवाला: बीबीसीच्या 'डायनॅस्टीज'मधला (२०१८) एम्परर पेंग्विनांचा भाग भाच्याने तीनदा पाहिला आणि जाहीर केलं, "मामा, मला हेच करायचंय." तो भाग टिपणारा लिंडसे मॅक्रे अंटार्क्टिकात अटका उपसागराकाठी ११ महिने राहिला. हिवाळाभर तिथून परतायची सोय नाही. तो तिकडे असतानाच इकडे त्याला मुलगा झाला. मी १४ वर्षं मालिकांना कॅमेरा करतोय. बारा-तेरा तासांची शिफ्ट, पेमेंट ९० दिवसांनी, पण रात्री घरी येतो. एका भागापायी एवढं घालवायचं? मी तर भाच्याला नाहीच म्हणणार.

रानवाटी: घरी येता तेव्हा पोरं जागी असतात का, ते सांगा आधी! आणि त्या माणसाला लहानपणापासून प्राण्यांचाच नाद. असं काम चालून आलं आणि नाही म्हटलं असतं, तर जन्मभर घरातच धुसफुसला असता.

फोकसपुलर: रानवाटी, रोमँटिक होऊ नका. फ्रीलान्स माणसाला एक प्रोजेक्ट संपला की पुढचा कधी, पत्ता नसतो. शिवाय त्याच भागात घळीत अडकलेल्या पेंग्विनांसाठी टीमने बर्फात उतार खोदला. टिपायला गेलात ना? मग टिपा. उद्या वाघाच्या तोंडचं हरीण सोडवाल.

रानवाटी: वाघाची उपमाच चुकली. तिथे शिकारी कुणी नव्हता, कुणाच्या तोंडचा घास गेला नाही. पक्ष्यांना हातही लावला नाही. वाट केली, ज्यांना जमलं ते चढून आले. पिल्लं डोळ्यांदेखत गारठताना नुसतं फोकस धरून बसणारा कॅमेरामन मला तरी नको.

फोकसपुलर: मला हवा. सगळ्यांनाच पाझर फुटला तर निसर्ग दिसणार कसा?

माई: तुमचं चालू द्या, मला गंमत वेगळीच वाटते. एम्परर पेंग्विनची मादी अंडं घालून समुद्राकडे निघून जाते आणि बाप दोनेक महिने उपाशीपोटी ते पायांवर घेऊन उभा राहतो. अशा बापांचं चित्रण करायला हा बाप घर सोडून गेला! त्याच्या बायकोने तो भाग कसा पाहिला असेल हो?

लेन्सवाला: माई, हे ताईला वाचून दाखवलं. आता ती भाच्याच्या बाजूने बोलेना आणि माझ्याही.